कोडकौतुक

कार्तिकातली कातरवेळ. सुपारीच्या बागेवरून ऊन उतरत होते. आधी शेंड्यांवरचे सोने गेले, मग खोडांवरचे तांबे गेले, मग उरला तो धूसर, धूम्रवर्ण, उदास उजेड.

त्या उजेडात, ओटीवर, हेमांगी बसली होती. हेमांगी, म्हणजे सोन्याच्या अंगाची. नाव ठेवायची घाई झाली, असे गाव म्हणे. कारण न्हातीधुती झाल्यावर त्या सोन्यावर, डाव्या मनगटाच्या आतल्या अंगाला, एक पांढरा ठिपका उमटला. ठिपक्याचे पान झाले. गावाने त्याला कोड म्हटले, आणि आलेली स्थळे पाणी पिऊन परतू लागली.

म्हणून आज लांब बाह्यांचे पोलके, मनगटावर दाट बांगड्या, आणि आईची एकच कानगोष्ट: डावा हात पदरात ठेव गो.

समोर मुलगी बघायला आलेल्या राऊळकाकू, शेजारी त्यांचा अबोल मुलगा. काकूंची नजर मासळीबाजारात सरंग्याचे कल्ले उचलून बघणारी. त्यांनी केस पाहून घेतले, चाल पाहून घेतली, जाता जाता घराची कौलेही पाहून घेतली. मग अर्धा लाडू खाल्ला. म्हणजे पटत आले होते. मुलगा एकदाच हसला. तेवढ्या हसण्यावर हेमांगीने मनात अख्खा संसार मांडला, तुळशीसकट.

इतक्यात आईने दिवा लावला, आणि दिव्याच्या ओढीने एक पतंग आला. चिमुकला, चिंचोक्याएवढा. दिव्याला वळसा घालून तिच्या उजव्या बाहीवर बसला.

पंख काताच्या रंगाचे, तपकिरी, तेजाळ. त्यांवर केशराच्या काड्या मांडाव्यात तशा नाजूक रेघा. काठाला रेशमाची झालर. माथ्यावर पिसांचे दोन तुरे, डोळे मोहरीचे काळेभोर दाणे. आणि दोन्ही पंखांवर एकेक पांढरे पान: शंखशुभ्र, चंद्रशुभ्र, कडांशी तपकिरीत विरघळत गेलेले.

काकूंनी चष्मा चढवला. तिचा उजवा हात हाती घेऊन त्या खाली झुकल्या, आणि सरंगा पारखणारी ती नजर बघता बघता मऊ झाली.

"काय हे पांढरं," त्या पुटपुटल्या. "ह्या पांढऱ्यानंच रूप आलंय गो. नाहीतर काय, सुकं पान."

मुलगाही झुकला. सुंदर आहे, म्हणाला.

पांढऱ्याला सुंदर म्हटलेले हेमांगीने जन्मात ऐकले नव्हते. ते तिच्या कानांतून उतरले, कंठातून उतरले, थेट त्या झाकलेल्या मनगटापर्यंत पोचले. तिने डावा हात पदरातून काढला. बांगड्या मागे सारल्या. आणि ते मनगट, अलगद, पतंगाशेजारी धरले. जणू जोडी जुळवून दाखवत होती.

पतंग इकडचा तिकडे गेला. पांढऱ्यावर पांढरा बसला.

काकूंनी तिचा हात सोडला आणि बोटे पदराला पुसली, त्यांच्याही नकळत. मग त्यांना घाटातला काळोख आठवला, राहिलेली कामे आठवली. पत्रिका दाखवून कळवतो, म्हणाल्या. पत्रिका मागून घ्यायला मात्र विसरल्या. मुलगा चपलांत पाय शोधत राहिला. अर्धा लाडू बशीतच राहिला.

कोडकौतुक हा एकच शब्द. त्या संध्याकाळी त्याची वाटणी झाली. कौतुक पतंगाकडे गेले, कोड हेमांगीकडे राहिले.

बागेतली पावले विरल्यावर आईने भिंतीकडे बघत विचारले, "का गो दाखवलंस?"

"त्यांना आवडलं होतं."

आई दिवा घेऊन आत गेली. पतंग गेला नाही. ओटीवर काळोख साचत आला. आधी केस गेले, मग चेहरा गेला, मग ते सोन्याचे अंग गेले. उरली तीन पांढरी पाने, दोन पंखांवरची, एक मनगटावरचे. मग तीही, एकेक करून, विझली.