तिसऱ्या रांगेतले हसू

"बंद नको करूस," मामा म्हणाले. "अजून हसायचंय."

पडद्यावर एक नट दुसऱ्याच्या डोक्यावर बादली उपडी करण्याच्या बेतात होता. विनोद इतका शिळा, की माझा हात बटणाकडे गेला होता. मामांच्या उजव्या हाताचे बोट खुर्चीच्या हातावरून किंचित उचललेले मला दिसले. पाणी पडले. न दिसणाऱ्या प्रेक्षकांतली कुणी बाई आधी नाकातून 'फुस्स' करून हसली. मग क्षणभर काहीच नाही. आणि मग पितळेचे भांडे जिन्यावरून घरंगळत जावे तसा तिचा आवाज सुटला, त्याच्यामागून सगळी गर्दी. मामांचे बोट खाली आले.

"तुझी मामी," ते म्हणाले.

मामीला जाऊन तेव्हा कितीतरी वर्षे झाली होती.

टेलिव्हिजन नवेनवे असताना मामा दर आठवड्याला एक विनोदी कार्यक्रम दिग्दर्शित करीत. नाच, जादू, गाणे, आणि या सगळ्याच्या मधे भोपळ्या नावाने ओळखल्या जाणाऱ्या एका लठ्ठ नटाची प्रहसने. सगळे त्याच क्षणी घराघरांत जाई. चुकले ते चुकले. काचेमागच्या अंधाऱ्या खोलीत बसून कोणत्या कॅमेऱ्याचे चित्र केव्हा दाखवायचे, हे मामा एका बोटाने सांगत. बाहेर, दिव्यांच्या धगीत, मामी तिसऱ्या रांगेत बसे. मामा प्रत्येक विनोद आधी घरी तिच्यावर आजमावून पाहत. तरी ऐन वेळी ती पहिल्यांदाच ऐकल्यासारखी हसे, आणि तिच्या हसण्याने धीर येऊन बाकीचे हसत.

"खोटं हसायला सांगू नका हं मला," ती बजावी.

"सांगतंय कोण? मी छत्री उघडली तरी तुला हसू येतं."

"तुम्ही उघडलीत तर येणारच."

त्या 'फुस्स' आणि खळखळाटाच्या मधे तिचा एक श्वास असे. तेवढा वेळ भोपळ्याचा चेहरा धरून ठेवायचा आणि मग चित्र बदलायचे. आपले दिग्दर्शन म्हणजे एवढेच, असे मामा म्हणत. लोकांना ते अचूक वाटे.

ती गेल्यानंतरच्या पहिल्याच कार्यक्रमात मामांनी बोट उचलले आणि ते वरच राहिले. भोपळ्याचे वाक्य संपले, लोक हसून गप्पही झाले, पण कॅमेरा त्याच्या चेहऱ्यावरून हलेना. त्याच्या गालांवरचा रंग घामाने ओघळू लागला. कापडी भिंतीमागे कुणीतरी खोकले. हे सगळे घरोघरी दिसले.

"मी काही विसरलो का साहेब?" नंतर भोपळ्याने विचारले.

"नाही रे. मीच वाट बघत बसलो."

त्यानंतर तो कार्यक्रम मामांकडून काढून त्यांना हवामानाचे वृत्त दिले गेले. जुन्या कार्यक्रमांच्या फिती पुसून त्यांवर नवे कार्यक्रम उतरवले गेले. मामांच्या हातचे एकही चित्र उरले नाही. उरले ते हसू. स्टुडिओतल्या ध्वनिमुद्रकाने, आवाज टिपणाऱ्या माणसाने, ते वेगळे काढून ठेवले होते, आणि स्टुडिओत प्रेक्षक बसवणे बंद झाल्यावर तेच परक्यांच्या विनोदांना पुरवले जाऊ लागले. म्हणूनच मामा ते भिकार कार्यक्रम मन लावून पाहत.

एके दुपारी तोच ध्वनिमुद्रक एक चपटा डबा घेऊन आला.

"साहेब, या आठवड्यापासून नवं हसू. मशीनमधलं. जुनं सगळं भंगारात चाललंय. वहिनींचं तेवढं उचलून आणलं."

मामांनी डब्यावरची धूळ रुमालाने पुसली. "कशाला हसतेय ती यात?"

"आता कोण सांगणार? चित्रं गेली ना पुसून."

"मग ऐकून काय करू? कारणाशिवाय हसायची नाही ती."

"काय सांगता! वहिनी माझ्या चपलांना हसायच्या."

"चपला होत्याच तशा," मामा म्हणाले आणि दोघेही हसले. मग मामांनी तो डबा मामीच्या कपाटात, तिच्या शालींखाली ठेवला. तो पुन्हा बाहेर निघाला नाही.

त्या आठवड्यात मी मामांशेजारी बसलो. नट एका मोडक्या खुर्चीवर बसायला गेला. मामांचे बोट उचलले गेले. खुर्ची कोसळली. हसू आले ते नळ सोडल्यासारखे, सगळे एकदम आणि एकसारखे. कुठे श्वास नाही. नळ बंद केल्यासारखे ते थांबलेही. पुढचे वाक्य झाले, त्याच्या पुढचे झाले. बोट वरच होते.

माझे हसू तोंडावर धरलेल्या तळहाताबाहेर कधी जात नाही. तरी मी नाकातून 'फुस्स' केले, आणि मग मोठ्याने हसलो. ते ठसक्यासारखे झाले.

मामांनी पडद्यावरची नजर काढली नाही.

"घाई केलीस," ते म्हणाले. "मधे श्वास घ्यायचा असतो."

पण त्यांचे बोट सावकाश खाली आले होते.