ज्या कागदावर मी उमटलो नाही

मित्रांनो, लाकडी मुठीचा आणि झिजल्या रबराचा मी एक जुना शिक्का आहे. माझं सगळं आयुष्य कोर्टाच्या अपील खिडकीवर गेलं. खालच्या कोर्टाचा निकाल पटला नाही की माणसं वर दाद मागायला या खिडकीशी येत. कारकून कागद तपासायचा आणि मला शाईत बुडवून दणकन आपटायचा. 'अपील दाखल' एवढे दोनच शब्द मला येतात. पण ते उमटले की रडवेली माणसंही जरा ताठ उभी राहायची. खोटं कशाला बोलू, मला त्याचा तोरा होता. पॅड सुकलं की मी पुसट उमटायचो आणि कारकून माझ्यावरच खेकसायचा, "याचं आता वय झालं!" नाचता येईना अंगण वाकडं, दुसरं काय!

पण मला छळतो तो कागद, ज्यावर मी उमटलोच नाही.

तो एका मावशीने आणला होता. तिची बहीण बाळंतपणात गेली, तेव्हापासून बहिणीची मुलगी हिनेच वाढवली, तळहाताच्या फोडासारखी जपली. पोर शाळेत जाऊ लागली तशी तिच्या बापाला तिची आठवण झाली. त्याने मुलीच्या ताब्यासाठी दावा लावला, तो मावशीच्या थोरल्या भावावर, कारण मावशी आणि मुलगी राहायच्या त्याच्या घरी. वकील म्हणाला, मावशीचंही नाव घालून घेऊ. भाऊच नको म्हणाला.

"मी खंबीर असताना माझ्या बहिणीने कशाला कोर्टाची पायरी चढायची?"

मायेनेच म्हणाला तो. तीही दादा बघेल म्हणून निर्धास्त राहिली आणि घरी पोरीच्या वेण्या घालत बसली.

भाऊ भला माणूस, पण कोर्टात त्याची बोबडीच वळली. न्यायाधीशांनी त्याचं म्हणणं विचारलं, तर हात जोडून म्हणाला, "साहेब, तुम्ही द्याल तो निकाल आम्हाला मान्य आहे." मोठ्यांपुढे आपण अदबीने बोलतो ना, तसं. कोर्टाने ती त्याची संमती धरली. मुलगी बापाकडे द्यायचं ठरलं, आणि संमती दिलेल्या भावाला अपीलही करता येईना.

म्हणून मावशी स्वतः आली. मी शाईत बुडून तयार होतो.

"ताई, तुम्हाला नाही करता येणार हे अपील," कारकून म्हणाला. "दाव्यात तुमचं नावच नाही."

"पण पोर माझ्याजवळून नेणार आहेत हो!"

"निकाल तुमच्या भावाविरुद्ध आहे. तुमच्याविरुद्ध नाही."

"माझ्याविरुद्ध नाही? मग झोपेत ती हाताने चाचपडते, ती कोणाला शोधते?"

कारकून काही दगड नव्हता. खास परवानगी मिळते का बघायला तो तिला घेऊन थेट न्यायाधीशांकडे गेला. परत आला तो खाली मान घालून. तुमची माया खरी, पण कायद्याने तुमचं काही गेलेलं नाही, असं उत्तर मिळालं होतं. त्याने मला फडक्याने पुसून बाजूला ठेवलं. मी रबराचा खरा, पण माझ्या काळजाचं पाणी पाणी झालं.

मुलगी सोपवली ती याच खिडकीसमोर.

"मावशी, तू मागच्या गाडीने येतेस ना?"

"हो गं राणी. तू हो पुढे."

पोर दिसेनाशी झाल्यावर भाऊ भिंतीला टेकून ढसाढसा रडला. "तुला त्रास नको म्हणून गं मी..." ती त्याच्या पाठीवरून हात फिरवत राहिली.

आता माझे दोन शब्द यंत्रच छापतं आणि मी खिडकीतल्या ट्रेमध्ये धूळ खात पडलोय. मित्रांनो, जुन्या वस्तू टाकू नका, पुसून ठेवा, असं मी सांगणारच. पण त्याहून मोठी विनवणी ऐका. तुमचं काळीज जिथे पणाला लागलंय, तिथे कितीही मायेचं माणूस तुमच्या वतीने बोलायला निघालं, तरी घरी थांबू नका. सोबत जा, तुमचं नाव सांगा.

मावशी अजून अधूनमधून येते. "नियम बदलला का हो?" विचारते. जुना कारकून निवृत्त झाला. परवा नव्या कारकुनाने विचारलं, "तुमचं नाव काय, बाई?"

त्या इमारतीत तिला हे पहिल्यांदाच कोणी विचारलं होतं. तिने पदर सावरून पूर्ण नाव सांगितलं. त्याने ऐकलं, आणि पुढच्या माणसाला हाक मारली.