ब्रदर डेल्बर्टचा काटा

रविवारची प्रार्थना संपली तरी आमच्या नेब्रास्कातल्या गावातलं एकही माणूस घरी गेलं नाही. चर्चच्या तळघरात डुकराच्या सॉसेजचं जेवण मांडलेलं होतं, पण त्याकडे बघतंय कोण! सगळे रोग ओळखून औषध देणाऱ्या ब्रदर डेल्बर्टच्या पेटीसमोर रांगेत. पेटीवर एक तबकडी, तिच्यात काटा, एक पट्टा हिरवा, एक लाल. डावा हात पेटीला तारेने जोडलेल्या ओल्या फडक्यावर ठेवायचा, उजव्या तळव्यावर डेल्बर्ट पितळी कांडी टेकवणार. काटा लालमध्ये गेला की तुमची प्राणशक्ती आटली. मग त्याचे थेंब घ्यायचे, पंधरवड्याने परत यायचं, की काटा हिरव्यात!

"काटा खोटं बोलत नाही, मंडळी!" डेल्बर्ट गरजला. "डॉक्टरला तुमचं पाकीट दिसतं, माझ्या काट्याला तुमची पेशी न् पेशी दिसते!"

आणि यावर माना डोलावणारे कोण? मक्याचे शेतकरी. मी चोवीस वर्षं धान्याच्या गोदामात वजनकाट्यावर बसतोय, एकेकाला ओळखून आहे. ट्रक काट्यावर घेण्याआधी हे वाकून सरकारी सील बघतात. दाण्यात अर्धा टक्का ओलावा जास्त निघाला, तर परत मोजायला लावतात आणि माझा उद्धार करतात. तेच दीडशहाणे इथे तोंड वासून उभे होते. मला त्यांची किळस आली.

त्यात माझी बहीण अडेला. तिला मधुमेह. पंधरा दिवसांपूर्वी तिचा काटा लालमध्ये गेला होता, शुक्रवारी हिरव्यात आला, आणि तेव्हापासून बाईने इन्सुलिन टोचलंच नव्हतं. घटाघटा पाणी पीत होती.

"अडेला, अगं एवढी तहान का लागतेय?"

"घाण बाहेर पडतेय, ब्रदर म्हणाले. एमिल, तुला माझं बरं झालेलं बघवत नाही का रे?"

म्हणूनच मी मॅक्सीन हॉर्नंगला बोलावलं होतं. ती वजनमापं खात्याची निरीक्षक. दरवर्षी शिक्क्याची वजनं आणून माझा काटा तपासते, आणि चोवीस वर्षांत एकदाही माझ्या शब्दावर विसंबलेली नाही.

"ब्रदर, मी टेबलावरची चादर आडवी धरते," ती म्हणाली. "खालून फक्त हात येतील. तुम्ही मोजा."

"अख्खं गाव मोजतो की!" डेल्बर्ट हसला.

पहिले हात आले. कांडी टेकली, काटा लाल. "यकृत पार गेलंय, बिचारा!"

दुसरे आले. काटा हिरवा. "हा गडी शंभरी गाठणार!"

तिसरे. परत लाल. "अरेरे, हृदय..."

मॅक्सीनने चादर सोडली. मागे एकटी अडेला. तिन्ही वेळा तिचेच राबलेले हात, आणि या गावात सगळ्यांचे हात तसेच.

"संशय घेतला की शक्ती बिथरते!" डेल्बर्ट ओरडला.

"बरं, मग याला तर काही संशय नसेल." मॅक्सीनने ताटातलं सॉसेज उचलून ओल्या फडक्यावर ठेवलं. कांडी हलकेच टेकवली. हिरवा. जोरात दाबली. लाल. "अभिनंदन ब्रदर, मेलेलं डुक्कर ठणठणीत आहे. जेवढं दाबाल तेवढी जास्त वीज जाते. काटा तुमचं मनगट मोजतोय."

कुणीतरी फिसकन हसलं. डेल्बर्ट पेटी आवरू लागला.

अडेला मात्र पांढरी पडली होती. मॅक्सीनने अडेलाच्या पर्समधलं साखर मोजायचं यंत्र काढलं. आधी त्याच्या पट्टीवर ठरावीक साखर असलेल्या तपासणीच्या द्रावणाचा थेंब टाकला. त्याचा आकडा कुठून कुठपर्यंत यायला हवा ते पट्ट्यांच्या डबीवर छापलेलं असतं. बरोबर त्यातच आला. मग अडेलाच्या बोटाचं रक्त. आकडा आला चारशे ऐंशी. दुसऱ्या बोटाचंही घेतलं, आकडा तिथेच.

मी तिला गाडीत घातलं. इस्पितळाच्या वाटेवर ती रडत म्हणाली, "मला हिरवा हवा होता रे, एमिल."

मी गाडीचा वेग वाढवला. पण तुम्हाला सांगतो. मक्याचा ट्रक असो, नाहीतर माणसाचं रक्त, विचारायचं तेच: परत मोजलं तर तेवढंच येतं का? हे माप कशाशी ताडून पाहिलंय? आणि कांडी कुणाच्या हातात आहे? ज्या आकड्यासाठी तुमचा जीव आसुसलाय, तिथे तर हे सगळं दोनदा विचारा.