कोपरा फाटलेलं कार्ड

लोकं म्हणत, ती फिनलंडची बाई हेर आहे. हेर कायची बाप्पा! हेर असती तर माह्या ओसरीवर बसून धान रोवणाऱ्या बायांची गाणी लिहून घेत बसली असती? हेल्मीबाई तिचं नाव. तिच्या देशात तिची सहा पुस्तकं छापून आली होती, पहिलं तर बाविसाव्या वर्षी. मग लग्न झालं. नवऱ्याले बायकोचं लिहिणं खपेना, तर तिनं नवरा सोडला, लिहिणं नाही सोडलं. हे तिनंच मले सांगितलं, तांदूळ निवडता निवडता. मी म्हटलं, "बाई, आमच्या इथं असं केलं असतं तर विहिरीत ढकललं असतं." तर म्हणते कशी, "आमच्याकडं तलाव आहेत. त्यात ढकलतात."

मिशनवाल्यांसोबत आली होती, त्यांच्याशी पटलं नाही, तर आमच्या केशोरीत राहिली. आमच्याच घरात, सहा वर्षं. सातवं पुस्तक लिहून राहिली होती, आम्हा बायांचं. माह्या सासूच्या शिव्यासुद्धा तिनं उतरवून घेतल्या. सासू लई खूश. हेल्मीबाई दिवसभर लिही आणि संध्याकाळी आज काय लिहिलं ते मले आमच्या बोलीत सांगे. मी अर्धं ऐको, अर्धं लक्ष चुलीकडं. अकरा वह्या भरल्या होत्या.

मग जर्मनीसंगच्या लढाईत इंग्रजानं तिच्या देशाशी वैर मांडलं. झालं, आमची हेल्मीबाई सरकारची दुश्मन! शाळेचे सेवकराम मास्तर सकाळीच धावत आले, "भंडाऱ्याहून फौजदार येऊन राहिला, कागद दिसले का जप्त करते." आम्ही दोघींनी वह्या फडक्यात बांधल्या आणि धान साठवायच्या ढोलीत तळाशी पुरल्या.

"शामकलाबाई, मी येतपर्यंत ठेवजा," ती म्हणाली. "माह्याजवळ दुसरं काही नाही."

"जिवासारख्या ठेवीन," मी म्हटलं. फौजदार तिले दूरच्या छावणीत कैद करायले घेऊन गेला, आणि मी वह्या तशाच ठेवल्या. दर पंधरवड्याले काढून ऊन द्यायची, वाळवी पाहायची, कडुनिंबाचा पाला बदलायची. दोन वर्षं.

तिसऱ्या वर्षी, धान कापणीच्या दिवसांत, पोस्टाचा हिरालाल अंगणात उभा राहिला. हातात कार्ड, वर सरकारी शिक्का, आणि कोपरा फाटलेला. आमच्याकडं मयताचं कार्ड कोपरा फाडूनच धाडतात. तसं कार्ड उंबऱ्याच्या आत येत नाही. बाहेरच्या बाहेर वाचायचं, फाडायचं, अंघोळ करायची. हे तर इंग्रजीत होतं, आणि वाचणारे मास्तर त्याईच्या गावाले गेलेले. दूरून आमच्या घरी कार्ड धाडणारं दुसरं होतं कोण? माह्या घरच्यांनी अंगणातच त्याचे तुकडे केले. मास्तर येतपर्यंत थांबा, एवढं म्हणायले काय झालं होतं मले? नाही म्हटलं. मयताचं कार्ड कोण ठेवून घेते?

तिचं इथं कोणी नव्हतं, म्हणून दहावं आम्हीच केलं, गाढवी नदीवर. सासू म्हणाली, "त्या वह्याईत तिचा जीव अडकला असंल. कायले ठेवतं त्या?" लिहिलेला कागद आम्ही जाळत नाही, त्यात सरस्वती असते, त्याले वाहतं पाणीच लागते. मी एकेका वहीले हळदकुंकू लावलं, फूल ठेवलं आणि पाण्यात सोडली. शाई निळी पसरली. मी खूप रडली. मनात म्हटलं, सुटली बिचारी.

सासूही मग पुढच्या साली गेली. लढाई संपली. आणि एका दुपारी अर्जुनी स्टेशनावरून आलेल्या बैलगाडीतून हेल्मीबाई उतरली.

केस पांढरे, उजवा हात थरथरून राहिला होता. मी दारात उभी, पाणी द्यायचंही सुचेना.

"माझं कार्ड भेटलं होतं ना?" तिनं विचारलं. "छावणीवाल्यांनी कोपरा फाडला त्याचा. मी तिथं छावणीच्या गावाचं नाव लिहिलं होतं ना. वह्या सांभाळा, मी येतो, एवढंच लिहिलं होतं. कागद देत नव्हते तिथं. त्या वह्याईच्या भरवशावर दिवस काढले मी."

ती थेट ढोलीकडं गेली. खांद्यापर्यंत हात आत घालून चाचपून राहिली. एका बाजूनं, मग दुसऱ्या बाजूनं. मी मागं उभी. शेवटी सांगितलं. कार्डाचं, दहाव्याचं, नदीचं, सारं.

तिनं शिवी दिली असती तर बरं झालं असतं. ती खालीच बसली, बाहीवरचं धान झटकत. मग म्हणाली, "माझं दहावं केलं तुम्ही?"

"हो बाई."

दुसऱ्या दिवशी सकाळी तिनं मास्तरांकडून एक कोरी वही आणवली. ओसरीवर जुन्या जागी बसली. पेन्सिल धरली, पण पुढं काही लिहिलं जाईना.

"शामकलाबाई," ती म्हणाली, "मी रोज संध्याकाळी सांगत होती. तुम्हाले आठवते?"

सहा वर्षांच्या संध्याकाळी. मी डोकं धरून बसली, लई ताण दिला. मले फक्त सासूच्या शिव्या आठवल्या. त्या मी सांगितल्या. तिनं त्या सावकाश लिहून घेतल्या, आणि पुढचं ऐकायले माह्या तोंडाकडं पाहत बसली.