टाकून गेलेली काठी

धोंडूबाईंनी ओटीच्या कोपऱ्यातली काठी काढली, पदराने पुसली आणि दशरथच्या हातात दिली.

"घ्या, व्याही. त्या दिशी टाकून गेलात ती."

दशरथने काठी उलटीसुलटी करून पाहिली. काठी टेकायची वेळ त्याच्यावर कधी आली नव्हती. धरणापाशी टेंपो लावून पळसदरीवरचा अख्खा चढ तो आत्ता दोन पायांवर चढून आला होता. आणि या घरात पाऊल टाकायची तर ही पहिलीच खेप. तरी मूठ त्याच्या पंजात नेमकी बसली. टेंपोच्या फाळक्यात चेंगरून वाकडा झालेला त्याचा अंगठा जिथे टेकत होता, तिथे लाकूड तेवढंच झिजलं होतं.

त्याच्या लेकीने, नंदाने, या वाडीतल्या हरेशशी लग्न केलं तेव्हा दशरथ मांडवात फिरकला नव्हता. नवरानवरी पाया पडायला दहिवलीला त्याच्या घरी आली, तर या बहाद्दराने तोंडावर दार लावून घेतलं. राग कायम नाकावर, आणि रागावला की उठून चालू पडायचं, ही जन्माची खोड. शेवटी बायकोने, विमलबाईने, "तुम्ही जात नसाल तर मी जाते आणि तिकडेच राहते" असं बजावलं, तेव्हा स्वारी माफी मागायला निघाली. वाटभर तो वाक्य घोकत आला होता.

वाडीबद्दल तो ऐकून होता. काल आणि उद्या तिथे एकाच टोपलीत असतात, असं खालची माणसं हसून सांगत. झालेलं आणि व्हायचं, दोन्ही त्यांना सारखंच आठवतं म्हणे. पोर जन्मायच्या आधी त्याच्या खोड्या सांगतात, जेवून हात धुतलेल्या पाहुण्याला पुन्हा ताटावर बसवतात. तिथे नांदायला गेलेल्या सुनाही तशाच होतात म्हणे. रिकामटेकड्यांच्या गप्पा, असंच दशरथ आजवर समजत आला होता.

नंदा पाण्याचा तांब्या घेऊन बाहेर आली.

"आबा, आज लवकर आलात. आईनं जवळ्याची चटणी दिली ना?"

पिशवीची गाठ अजून सुटलीही नव्हती. दशरथने घसा खाकरला.

"नंदे, मी त्या दिशी दार..."

"ऐकलंय आबा. रडलात पन. बसा, च्या टाकते."

"मी कवा रडलो?"

"तुमचं व्हायचं असंल. आमचं ऐकून झालंय."

दशरथला काहीच कळेना. माफी तर मागायच्या आधीच मिळाली होती, मग बरं का वाटत नव्हतं? शिव्या खायच्या तयारीने आलेल्या माणसापुढे चहा येणार होता. तो हातातल्या काठीकडे बघत राहिला.

"ही मी टाकली कशापायी?"

नंदाने धोंडूबाईंकडे पाहिलं. आजेसासू म्हणजे घरातलं मोठं माणूस. त्यांनी 'तूच सांग' अशी मान हलवली.

"माजा राग भायेर पडला त्या दिशी," नंदा म्हणाली. "लई बोलले मी. तुमाला दम लागत व्हता. तरी तडक उठलात, काठी पन घेतली नाय."

"मंजे तुजा राग हाय अजून?"

"हाय की. जाईल कुटं? आज आला नाय, इतकंच."

"आनि मी? मागनं परत आलो ना?"

नंदा तांब्याची कड पदराने पुसत राहिली.

"आई आली. एकटीच."

म्हणजे त्या दिवसानंतर आपण उरणार नाही, हे दशरथला उमजलं. तो काठी टाकून गेला असणार, यात त्याला तिळमात्र शंका नव्हती. स्वतःला तो चांगला ओळखून होता. त्याने काठी धोंडूबाईंच्या हातात परत दिली आणि ओटीच्या खांबाला पाठ लावून खाली बसला.

"च्या राहू दे, नंदे. काय बोलायचं ते आजच बोल. आज छातीत दम हाय माज्या."

"आबा, तो दिवस आजचा नाय."

"तुमच्यात आज नि त्या दिशी वेगळं कवापासनं झालं गं?"

तो आल्यापासून पहिल्यांदाच नंदाच्या चेहऱ्यावर गोंधळ दिसला. पुढे काय होणार, हे तिलाही ठाऊक नसावं. तिने तांब्या खाली ठेवला. ओठ दोनदा हलले, मग शब्द फुटले.

"कडी लावलीत, तिचा आवाज आला मला. हिरवा चुडा भरलेल्या हातानं वाजवत व्हते मी दार. चुडा फुटला आबा. नव्या नवरीचा चुडा तुमच्या उंबऱ्यात फुटला, आनि तुमी आत बसून ऐकत व्हतात."

दशरथचे तळवे आपोआप जमिनीला टेकले, उठण्यासाठी. कानशिलं तापली. त्याने दोन्ही हात मागे नेऊन खांब घट्ट धरला.

"फुडं बोल," तो म्हणाला. डोळ्यांतून पाणी वाहत होतं, त्याकडे त्याचं लक्ष नव्हतं.

नंदा बोलत राहिली. धोंडूबाई काठी घेऊन तशाच उभ्या होत्या. ती परत कोपऱ्यात ठेवायची की नाही, हे त्यांना काही केल्या आठवेना.