बरमळे साहेबांची खुर्ची

मित्रांनो, मी घडीची एक जुनी सागवानी खुर्ची आहे. माझी बैठक वेताची आणि बिजागऱ्या पितळेच्या. चाकणजवळच्या एका घरात मी फार वर्षे राहिले. माझ्यावर हळदकुंकू पडले, झेंडूचे हार पडले, पण माणूस काही बसला नाही. त्याचीच ही गोष्ट आहे.

पुण्याच्या लष्कर भागात एका सुताराने मला घडवले. ब्रॅमली नावाचा एक तरुण इंग्रज असिस्टंट कलेक्टर होऊन नुकताच विलायतेहून आला होता. त्याने मला विकत घेतले. लोकांच्या जिभेवर त्याचे नाव काही बसेना, म्हणून त्यांनी त्याचे बरमळे साहेब केले. साहेबांना मराठीची परीक्षा द्यावी लागे. पहाटे तंबूबाहेर माझ्यावर बसून ते मोठ्याने घोकत, "मी जातो, तू जातोस, ती जाते." समोर बांधलेला घोडा कान टवकारून ऐकत असे.

थंडी सुरू झाली की साहेब जिल्ह्याच्या फिरतीवर निघत. तंबू बैलगाडीत चढत, पण मी मात्र सयाजीच्या डोक्यावर असे. सयाजी हा साहेबांचा पट्टेवाला, चाकणच्या बाजूचाच. आमराईत पोचताच तो मला सावलीत उघडून ठेवी, फडक्याने पुसी आणि मागे उभा राही. मग कचेरी भरे. कुणाच्या बांधाचा तंटा, कुणाच्या विहिरीचा. साहेब बसलेले आणि बाकी सगळे उभे. म्हातारे पाटीलही उभे आणि कडेवर लेकरू घेतलेली बाईही उभी. ते राज्यच तसे होते.

साहेब वाढत गेले. असिस्टंटचे कलेक्टर झाले आणि कलेक्टरचे कमिशनर. खानदेश झाला, सोलापूर झाले, दुष्काळी कामांवरची धूळही मी अंगावर घेतली. बंगल्यात त्यांना मखमली खुर्च्या मिळाल्या, तरी फिरतीला त्यांना मीच लागे. माझा आणि सयाजीचा रुबाब काय विचारता! गावात शिरलो की पोरे मागे धावत.

मग साहेबांचे केस पांढरे झाले आणि विलायतेला परत जायची वेळ आली. शेवटचा मुक्काम सयाजीच्याच गावच्या आमराईत पडला. निरोपाचे हार झाले, साहेब उठले. सवयीप्रमाणे सयाजी माझी घडी घालायला वाकला. साहेबांनी त्याचा हात धरला आणि ते म्हणाले, "सयाजी, जन्मभर उभा राहिलास. आता तू बस."

सयाजी "जी साहेब" म्हणाला, पण बसला नाही. त्याने मला डोक्यावर घेऊन घरी आणले, देवघराशेजारच्या भिंतीला टेकवले आणि दसऱ्याला हार घातला. साहेब काय म्हणाले, ते लाजून त्याने कुणालाच सांगितले नाही. घरच्यांनी पाहिले ते एवढेच, की हा खुर्चीला नमस्कार करतो आणि जमिनीवर बसतो. मग तीच घराची रीत झाली.

आता त्या घरात सयाजीचा नातू तात्याबा आजोबा झाला आहे. मातीचे घर जाऊन तीन मजली इमारत उभी राहिली. वरच्या खोल्यांत कंपनीतली भाडेकरू पोरे राहतात, गल्लीच्या तोंडाशी नव्या कोऱ्या मोटारी लादलेले ट्रेलर अडकून बसतात. मी मात्र जिथली तिथेच होते. पाहुणा माझ्याकडे वळला की तात्याबाची बायको गवराबाई लगेच म्हणे, "तितं न्हाई, पावणं. ती साहेबाची हाय." एका भाडेकरूने माझ्यावर हेल्मेट ठेवले, तर तिने आठवडाभर त्याला चहा विचारला नाही.

गवराबाईचे गुडघे गेले होते. तिला खाली बसवत नसे आणि प्लॅस्टिकची खुर्ची घसरेल अशी भीती वाटे. ती भिंतीला टेकून उभी राही, फार झाले तर जिन्याच्या पायरीवर टेकी. दोन हातांवर मी रिकामी. इकडे न वापरल्याने माझा वेत सुकत चालला होता. एक दिवस तो मधोमध तडकला, आणि मला वाटले, आता आपली जागा माळ्यावर.

पण त्याच महिन्यात तात्याबाची नात दिव्या परीक्षा पास होऊन नायब तहसीलदार झाली. तात्याबा म्हणाला, "घरात खराखुरा साहेब झाला. आता बसू दे तिला खुर्चीवर." तिचे वडील रविराज पहिली शिफ्ट करून आले आणि मला टेंपोत घालून भोसरीला घेऊन गेले. तिथे मला नवा वेत विणला. भोसरीचा तो रस्ता, ते हॉर्न, ते कारखाने! मी जणू पुन्हा फिरतीवर निघाले होते.

सत्काराच्या दिवशी घर माणसांनी भरले. दिव्याची आई पुनम ताट घेऊन आली. शेजारच्या मंजुळाबाईंनी विचारले, "हिला आता साहेब म्हणायचं का मॅडम?"

"आधी नाकातला शेंबूड पुसलाय मी तिचा," गवराबाई म्हणाली. "मी दिवेच म्हणणार."

सगळे हसले. दिव्या माझ्यापाशी आली, बसायला वाकली आणि थांबली. भिंतीला टेकलेल्या गवराबाईकडे तिचे लक्ष गेले होते.

"आजी, सकाळपासून उभीच आहेस ना?"

"ओवाळून हुं दे. मग बसते की."

"कुठे?"

"जिना हाय की."

दिव्याने तिचा हात धरला. "जन्मभर उभीच राहिलीस. आजी, आता तू बस."

मित्रांनो, माझी जुनी बिजागरी थरारली. तेच शब्द, त्याच गावात.

"मी? अगं, मोडंल ती."

"गवरे, साहेबाचा हुकूम हाय," तात्याबा मिश्यांत हसत म्हणाला. "हुकूम मोडायचा न्हाई."

गवराबाई आधी नुसती कडेवर टेकली. मग हळूहळू मागे रेलली, पाय सैल सोडले आणि म्हणाली, "आत्ता कळलं. साहेबाचं बूड लई सुखात हुतं म्हणायचं."

तिने बसूनच दिव्याला ओवाळले. नायब तहसीलदार मात्र तिच्यासमोर उभी होती, खुशीत.

आता मी अंगणात असते. गवराबाई माझ्यावर बसून येणाऱ्या-जाणाऱ्याची चौकशी करते. वेत कसा ताजा राहिला आहे! म्हणून सांगते, मित्रांनो, जुन्या वस्तूंना हार घालून भिंतीला लावू नका. त्यांना पुसा, दुरुस्त करा आणि वापरा. आणि बसण्यापूर्वी एकदा मागे वळून बघा, आपल्या घरात कोण उभे आहे ते.

आता थांबते. गवराबाई मेथीची जुडी घेऊन येते आहे.