मधल्या दगडांची वाट

"ना आजोबा, सम्राटाच्या शेजारी कायमचं निजायला मिळावं म्हणून राणीला काय करावं लागायचं?"

मियाओने विचारलं आणि मागे तिच्या मैत्रिणीने, श्याओचुनने, रुमाल तोंडात कोंबला. सगळ्यांसमोर विचारून दाखव, अशी पैज तिनेच लावली होती.

सोहळ्याची तालीम घेणारे, ना आडनावाचे हे आजोबा जराही लाजले नाहीत. चहाच्या बाटलीचं झाकण फिरवत म्हणाले, "त्याच्या आधी मरावं लागायचं."

पोरींचं हसू घशातच अडकलं.

"हसा की आता! सम्राटाला आत ठेवलं की भुयाराचं दगडी दार बंद. नंतर कुणी गेली तर तिच्यासाठी ते उघडायचं नाही. थोरल्याची झोप मोडायची नसते. मग ती कितीही लाडकी असो, बाहेर, बाकीच्या राण्यांच्या रांगेत. आपल्या सोहळ्यातली सम्राज्ञी त्याच्या आधी गेलेली, म्हणून आत आहे. कळलं? चला, उभ्या राहा."

गाव समाधीच्या राखणदारांचं. सम्राट कधीच गेला, त्याचं राज्यही गेलं, पण छिंगमिंगला, थडगी झाडायच्या सणाला, गाव अजून जुने झगे चढवून त्याला जेवू घालतं आणि बसगाड्या भरभरून माणसं ते बघायला येतात. कुणाचं घर पिढ्यान् पिढ्या चहाचं, कुणाचं दिव्यांचं. मियाओचं घर गोड वड्यांच्या मनोऱ्याचं. तिचे बाबा तो असा रचतात की वारा सुटला तरी वडी हलत नाही.

पण मियाओला वड्या नको होत्या, सोहळ्यातली सम्राज्ञी व्हायचं होतं. दुधाचे दात पडत होते तेव्हापासून ती आईची चादर अंगाला गुंडाळून अंगणात तोऱ्यात फिरायची. यंदा ती वयात बसत होती, उंचीत बसत होती, आणि यंदाच फू रुईशिन उपटली!

रुईशिनचे आजोबा मूळचे इथले, पण घर गेलं दक्षिणेतल्या कुठल्याशा बंदरात. गेल्या वर्षी परत आले. पोरीला इथलं काही म्हणजे काही ठाऊक नव्हतं. आली, आणि ना आजोबांनी तिच्याकडे एकदा बघून सांगून टाकलं, हीच. का, तर मान! लांब, सरळ, बगळ्यासारखी मान. तीही एक वेळ गिळली असती मियाओने. पण त्याच रात्री तिची स्वतःची आई, सख्खी आई, कोबी चिरता चिरता म्हणाली, "काय मान आहे गं त्या फूंच्या पोरीची!" मियाओ उठली आणि आरशासमोर जाऊन आपली मान ताणत बसली. ती जिथल्या तिथेच होती.

त्यानंतर रुईशिनचं सगळंच तिच्या डोळ्यांत सलायला लागलं. तिचं हसणं, वेणी, अगदी तिला झालेला खोकलासुद्धा. खोकायची तीही कशी नाजूक! मियाओ खोकली की शेजारची कोंबडी उडते.

पोशाखाच्या तालमीच्या दिवशी रुईशिन जरीच्या झग्यात, तळव्याखाली उंच लाकडी ठोकळे असलेल्या जोड्यांत लटपटत आली आणि मियाओच्या कानाशी लागली, "ए, दारातून मी कुठून येऊ गं? मला कुणी नीट सांगतच नाही."

समाधीच्या दारापासून वेदीपर्यंत दगडांच्या तीन पट्ट्या आहेत. मधली पट्टी गेलेल्यांची. गावातलं पोर रांगायला लागलं आणि त्या दगडांना नुसता हात लावला तरी पाठीत धपाटा बसतो. सम्राज्ञी झालेली प्रत्येक मुलगी आजवर डाव्या पट्टीवरून आली होती.

"मधून," मियाओ म्हणाली. "सम्राज्ञी ना तू!"

आणि लांब जाऊन मजा बघत उभी राहिली.

ढोल वाजला. रुईशिन दारात आली आणि सरळ मधल्या दगडांवर चढली. एक म्हातारी किंचाळली. बाबांच्या हातातली वडी खाली पडली. "उतर! उतर, मेले!" सगळीकडून ओरडा. रुईशिनला वाटलं, आपली चाल चुकतेय. तिने मान आणखी ताठ केली आणि चालत राहिली.

ना आजोबांनी हात वर केला. ओरडा थांबला. आजोबा वाकून त्या मधल्या दगडांकडे बघू लागले.

"अरे, पण सम्राज्ञी मेलेलीच आहे की! इतकी वर्षं आपण मेलेल्या बाईला जिवंतांच्या वाटेने आणत होतो. मधून यायची ही अक्कल कुणाची?"

"मियाओची!" रुईशिन आनंदाने ओरडली.

मियाओला वाटलं, भुयाराचं दार उघडावं आणि आपल्याला आत घ्यावं.

"शाब्बास!" आजोबा म्हणाले. "मग मियाओ, तूच हो सम्राज्ञी. जिला सुचलं तिनेच चालावं. काय गं फूंच्या पोरी, चालेल?"

"चालेल काय, धावेल! टाचा सोलल्यात माझ्या," म्हणत रुईशिनने तिथल्या तिथे जोडे काढलेसुद्धा. "इतकी छान गोष्ट स्वतःकडे न ठेवता मला सांगितलीस तू. घे बाई, तूच घे."

इतक्या सहज! मियाओ जिच्यासाठी रात्र रात्र जळली ती गोष्ट, ही पोरगी चिंचेच्या गोळीसारखी हातावर ठेवत होती.

झगा बसला. जोडे बसले. ढोल वाजला. मियाओ दारात आली, पाय उचलला, मधल्या दगडावर ठेवणार, तोच पाय आपोआप डावीकडे पडला. तिने पुन्हा उचलला. पुन्हा डावीकडे. पाठीत कुणी मारत नव्हतं, तरी पाठ आखडली होती. मनोऱ्याशेजारी बाबा हातातली वडी तशीच धरून उभे होते. "चल की!" श्याओचुन दात ओठ खात म्हणाली. मियाओने जोर केला आणि ठोकळा कलंडून ती गवतात बसली.

"राहू दे आज. जमेल का ते सकाळी सांग," ना आजोबा म्हणाले.

रुईशिन शेजारी उकिडवी बसली. "सोप्पं आहे गं. फक्त पुढे बघायचं."

सोप्पं! मियाओला त्या क्षणी तिची मान दिसलीच नाही. दिसली ती अनवाणी पावलं, टाचा सोललेली. ही पावलं त्या दगडांवरून खुशाल चालून आली होती. असा मत्सर मियाओला मानेचाही वाटला नव्हता.

संध्याकाळी आईने आंबवलेल्या कोबीचे उकडलेले मोदकासारखे गोळे पुढे ठेवले, मियाओच्या वाडग्यात दोन जास्तच.

"मिळाली ना भूमिका?" बाबा म्हणाले. "मग झालं तर. तू आपली डाव्या पट्टीवरून ये. म्हाताऱ्याला मी समजावतो. रीत ती रीत. बघणाऱ्यांना काय कळतंय?"

खरंच कुणाला कळलं नसतं. झगा मिळाला असता, फोटो निघाले असते, रुईशिन खाली उभी राहून टाळ्या वाजवत असती. मियाओने तोंडातला घास गिळला. मग जेवायच्या काड्या खाली ठेवल्या.

"नाही बाबा. सम्राज्ञी रुईशिनच होणार. आणि सकाळी मी ना आजोबांना आणि तिलाही सांगणार आहे की मला काही अक्कलबिक्कल सुचली नव्हती, तिला सगळ्यांच्या शिव्या बसाव्यात म्हणून मी तिला मधून पाठवलं." आईची बाही डोळ्यांकडे गेली. "रडू नकोस गं आई, माझं मनबिन मोठं झालेलं नाही! तिच्याकडे बघून अजून माझा जळफळाट होतोय. पण पुढच्या वर्षी ती जागा माझी. उद्यापासून शाळेत जाताना मी रोज त्या मधल्या दगडांवरून जाणार आहे. आणि बाबा, तुम्ही ओरडलात तरी जाणार."